विहिरीतली तिसरी ओवी

वैशाख होता. माणदेशचा वैशाख. माळ तापलेला, दगड तापलेला, दगडाखालची सावलीसुद्धा तापलेली. दिवस कलला होता, आणि कलता कलता त्याने साऱ्या माळावर हळद सांडली होती. बाभळीवर हळद, निवडुंगावर हळद, दूरच्या डोंगराच्या उघड्या बरगड्यांवर हळद. आकाशात ढगाचं एक चिरगूटही नव्हतं. वारा होता, पण तो नुसता नावाला.

त्या सुवर्णपीत माळाच्या मधोमध एक काळं वर्तुळ होतं. विहीर. अजून पाणी लागलं नव्हतं म्हणून अर्धी, आणि सात परूस खोल गेली होती म्हणून पुरी. एका परसाची खोली म्हणजे हात उंच करून उभा राहिलेला एक माणूस. अशी सात माणसं एकाच्या उंचावलेल्या हातांवर एक उभी केली असती, तर सर्वांत वरच्याच्या बोटांना ऊन लागलं असतं. बाकीचे सहा अंधारात राहिले असते.

तळाशी इरण्णा विटकर होता. काठावर त्याची बायको नरसव्वा होती. वडार माणसं. दगड फोडायचा, पाणी काढायचं आणि पाणी लागलं की दुसऱ्या कुणाच्या कोरड्या माळावर जायचं. त्यांनी काढलेल्या पाण्यावर गावोगाव डाळिंबं पिकत होती. त्यातल्या एकाही विहिरीवर ती दोघं पुढच्या वर्षी पाणी प्यायला नव्हती.

त्यांच्यात एक रीत होती, इरण्णाच्या आज्यापासूनची. खाली उतरलेल्याने गात राहायचं, वर बसलेल्याने ऐकत राहायचं. गाणं चालू म्हणजे श्वास चालू. गाणं थांबलं की वरच्याने हातातलं काम टाकायचं आणि दोराकडे धावायचं. गळा गोड असायची अट नव्हती, आणि इरण्णाच्या बाबतीत ते फार बरं होतं. त्याचा आवाज कुरुंदाच्या दगडावर घासलेल्या पहारीसारखा होता. पण गेली अठरा वर्षं नरसव्वा त्याच आवाजाच्या टोकाला जीव बांधून बसत आली होती.

अठरा वर्षं. अठरा उन्हाळे. किती विहिरी झाल्या, तिने मोजल्या नव्हत्या. गाणं मात्र तिला पाठ होतं, कारण गाणं एकच होतं. दोन ओव्यांचं. दुसरी संपली की पुन्हा पहिली.

*

त्या दिवशी विहिरीत एक नवं जनावर उतरवलं होतं. इंजिन.

तळाला झिरपा सुटला होता. घोटाभर गढूळ पाणी, विहिरीचं म्हणण्याजोगं नव्हे, पण सुरुंगाची भोकं पाडायला आडवं येणारं. काठावरचं इंजिन एवढ्या खोलातून पाणी ओढेना. म्हणून यारीवाल्या गुलाबभाईने ते यारीला टांगलं आणि विहिरीच्या निम्म्यात कोरलेल्या टप्प्यावर नेऊन बसवलं. यारी म्हणजे काठावरचा तो लोखंडी खांब, त्याचा आडवा हात आणि हाताने फिरवायचं चाक. दगड वर येतात ते तिच्यावर, माणसंही येतात ती तिच्यावर. इंजिन बंद करायची तार गुलाबभाईने वर आणून खुंटीला बांधली.

इंजिन सुरू झालं आणि विहीर घुमू लागली. धड धड धड धड. सात परूस खोल दगडाचा तो घसा, आणि त्या घशात अडकलेला लोखंडी खोकला. निळसर धुराची एक बारीक वेणी टप्प्यावरून उठली, उलगडत उलगडत वर आली आणि हळदीच्या उन्हात विरून गेली. नरसव्वाने ती पाहिली आणि तिला बरं वाटलं. धूर वर येतोय, म्हणजे खाली काही राहत नाही.

जे दिसत होतं ते वर येत होतं. जे दिसत नव्हतं ते खाली साचत होतं. त्याला रंग नव्हता, वास नव्हता, आवाज नव्हता. ते इरण्णाच्या घोट्याशी आलं, गुडघ्याशी आलं, मग छातीशी आलं, आणि त्याला कळलंही नाही.

तो गात होता.

काळ्या दगडा रे दगडा, किती झाकशील पाणी
माझ्या पहारीला ठावं, तुझ्या पोटाची कहाणी

इंजिनच्या धडधडीतून ओवी वर आली. तुटत आली, फाटत आली, पण आली. नरसव्वा पाटीला काथ्या गुंडाळत बसली होती. पाटीची कड सुटली होती, ती आवळायला हवी होती. हात कामात होते, कान विहिरीत होते.

सात परूस उतरलो, न्हाई ओलीचा गं वास
पाण्या तुझ्या माहेराची, किती धरावी मी आस

दुसरीही आली. मग पुन्हा पहिली आली. मग पुन्हा दुसरी. धड धड धड धड. पहारीचा ठोका इंजिनच्या ठोक्यात मिसळून गेला होता, त्यातून तो वेगळा काढता येत नव्हता. आवाज मात्र येत होता. दोन ठोक्यांच्या मधून, धुराच्या वेणीला धरून, तो ओळखीचा खरखरीत आवाज येत होता. नरसव्वाने काथ्याला गाठ मारली. खाली बघितलं, तर उन्हाने दिपलेल्या डोळ्यांना नुसता काळोख दिसला. काळोखात बघायचं काय? गाणं होतं ना.

आणि मग त्या दुपारी, अठरा वर्षांत पहिल्यांदा, तिसरी ओवी आली.

वर बसली नरसू, तिच्या कानात मी जितो
तिनं कान फिरवला, की मी मातीमंदी जातो

नरसव्वाचे हात थांबले.

नाव घेतलं होतं त्याने. तिचं नाव. नरसू. लग्नाआधी तिची आई जे म्हणायची ते. ज्या माणसाने अठरा वर्षांत तिला 'आगं' आणि 'ए' यांच्यापलीकडे कधी हाक मारली नव्हती, तो सात परूस खोल, काळ्या दगडाच्या पोटात, तिचं नाव ओवीत गुंफत होता. तिच्या मानेवरून काहीतरी गरम सरकत गेलं. लाज होती ती, आणि आनंदही होता. तिने पदर सारखा केला. बघायला कुणी नव्हतं, तरी केला.

म्हातारपणी सुचतंय ह्यांना, असं ती स्वतःशीच पुटपुटली. धड धड धड धड. ओवी पुन्हा आली. नरसू. पुन्हा आली. नरसू, नरसू. साऱ्या माळाला ऐकू जावी एवढी स्पष्ट येत होती. नरसव्वा इतकी सुखी क्वचितच झाली असेल.

*

गुलाबभाई पलीकडे यारीच्या चाकाला वंगण लावत होता. त्याचे कान इंजिनांनी कधीच खाल्ले होते. तीस वर्षं तो या जनावरांच्या सोबतीत राहिला होता, आणि आता त्याला माणसाचं बोलणं फक्त ओठांवरून कळायचं. गाणं तर त्याच्या लेखी जगातून उठूनच गेलं होतं. म्हणून तो बघायचा. चाक बघायचा, धूर बघायचा, दोर बघायचा.

तो उठून आला. विहिरीत सोडलेल्या दोराकडे बघत उभा राहिला. त्या दोराच्या टोकाला इरण्णाची पाण्याची कळशी आणि छिन्न्यांची पिशवी बांधलेली असायची. खाली इरण्णा वळला, वाकला, पाणी प्यायला, की दोर हलायचा.

"वहिनी," तो म्हणाला, "दोर कवापासनं हलला न्हाई."

नरसव्वा हसली. हसू अजून तिच्या ओठांवर तिसऱ्या ओवीचंच होतं. "गात्यात की ते. झ्याक गात्यात आज."

गुलाबभाईने तिचे ओठ वाचले. मग पुन्हा दोराकडे बघितलं.

"गानं मला ऐकू येत न्हाई. मला दोर दिसतोय."

"आवं, आत्ता म्हनले की! नवी ओवी म्हनली."

"दोर हलंना, वहिनी."

तो वाद घालणारा माणूस नव्हता. त्याने खुंटीची तार धरली आणि ओढली.

इंजिन एकदा खोकलं, दोनदा खोकलं आणि थांबलं.

त्या क्षणी, त्या एका क्षणी, ओवी चालू होती. नरसव्वाने ती ऐकली. तिच्या कानाने, शपथेवर सांगता येईल अशी, ऐकली. तिच्या कानात मी जि... आणि मग ओवी अशी तुटली की तिला शेवट नव्हता. विहिरीच्या तोंडातून शांतता वर आली. काळी, गार, सात परूस खोल शांतता. तिच्यात पहार नव्हती. तिच्यात खोकला नव्हता. तिच्यात माणूस नव्हता.

नरसव्वाच्या हातातली पाटी गळून पडली.

तिला कळेना की आता जे ऐकलं ते कुणी म्हटलं. ती काठाशी गेली. तिने हाक मारली. जी हाक कुठल्याच शहाण्या बाईने मारायची नसते, जे नाव उखाण्यातसुद्धा तिने आढेवेढे घेत घेतलं होतं, ते नाव तिने उघड्या माळावर, गुलाबभाईच्या देखत, विहिरीत फेकलं.

"इरण्णा!"

विहिरीने नाव परत केलं. इरण्णा. तिला वाटलं, तो बोलला. क्षणभर, पुन्हा एकदा, तिला वाटलं. मग तिचं तिलाच कळलं.

*

गुलाबभाईने लिंबाचा डहाळा तोडला, दोराला बांधला आणि विहिरीत खालीवर, खालीवर झुलवला. वारा ढवळायचा जुना उपाय. दोन घागरी पाणी वरून ओतलं. नरसव्वा थांबली नाही. पदर भिजवून तिने तोंडाला बांधला. ओल्या पदराने हे विष अडत नाही. तिला ते ठाऊक नव्हतं, आणि ठाऊक असतं तरी ती गेलीच असती.

यारीला टांगलेल्या लोखंडी डोलीत बसून ती उतरली; वर चाक गुलाबभाईच्या हातात होतं. पहिला परूस उजेडाचा. दुसरा सावलीचा. तिसऱ्याला इंजिनचा गरम उच्छ्वास अंगावर आला. चौथ्यापासून काळोख. आणि काळोखात तिच्या कानात इंजिन अजून चालूच होतं. धड धड धड धड. इंजिन बंद होतं, तिला ते ठाऊक होतं. कानाला ठाऊक नव्हतं.

इरण्णा भिंतीला पाठ टेकून बसला होता, पाय घोटाभर पाण्यात. पहार मांडीवर आडवी. जरा दम खायला बसलेला माणूस जसा बसतो तसा. तोंड किंचित उघडं होतं, जणू ओवीचा पुढचा शब्द तोंडातच राहिला होता.

तिने त्याला डोलीत ओढून घातला, दोराने बांधला, दोर तीनदा हिसकला. डोली वर निघाली. त्या डोलीत एकाच माणसाची जागा होती. ती खाली राहिली. श्वास धरून, गार दगडाला गाल लावून, डोक्यावरच्या त्या वाटोळ्या हळदीच्या तुकड्याकडे बघत राहिली. छातीत काटे रुतू लागले. डोली परत आली तेव्हा तिचे गुडघे तिचे राहिले नव्हते, पण हात होते. हातांनी ती वर आली.

काठावर, उन्हात, गुलाबभाई इरण्णाची छाती दाबत होता. दाबत होता, थांबत होता, दाबत होता. बऱ्याच वेळाने इरण्णाच्या नाकपुडीशी एक धुळीचा कण हलला. नरसव्वाने तो कण पाहिला. ऐकायला तिची हिंमत नव्हती.

*

तालुक्याच्या दवाखान्यात तो दुसऱ्या दिवशी दुपारी नीट बोलला. नळी नाकात, डोळे लाल, आवाज पूर्वीपेक्षाही वाईट. खाटेशेजारी नरसव्वा बसली होती. रात्रभर तिने एकच गोष्ट मनात फिरवली होती.

"ती ओवी," तिने विचारलं, "कुठं शिकला?"

"कुठली?"

तिला स्वतःचं नाव घेऊन म्हणायची लाज वाटली. तरी तिने म्हटली. हळू, भिंतीकडे बघत, दोन्ही ओळी.

इरण्णाने नळीसकट मान हलवली.

"म्या न्हाई म्हनली," तो म्हणाला. "म्या दुसरीतच थांबलो. एकडाव पहिली म्हनली, मग दुसरी अर्धी. डोस्कं गरगरलं. म्हनलं जरा बसावं. मग काय न्हाई ठावं."

"दुसऱ्यांदा पहिली म्हनलात की."

"न्हाई."

"मग दुसरी. मग ही. चारदा म्हनली ही."

"आगं न्हाई," इरण्णा म्हणाला. मग म्हणाला, "पर ओवी चांगली हाय. कुनाची?"

नरसव्वा बसल्या जागी मोजू लागली. पहिलीनंतरची पहिली कुणाची होती? दुसरीनंतरची दुसरी कुणाची? जो आवाज अठरा वर्षं ती हजार आवाजांतून निवडून काढत आली होती, त्या आवाजात, त्याच खरखरीत गळ्याने, तिचं नाव घेऊन कोण गात होतं? आणि ती हसत होती. तो खाली मरत होता, आणि ती वर पदर सारखा करत होती.

डॉक्टरीणबाई तरुण होत्या. त्यांनी खाटेच्या कडेला बसून सगळं ऐकून घेतलं. हसल्या नाहीत.

"कान फक्त आवाज गोळा करतो," त्या म्हणाल्या. "ऐकतो तो मेंदू. आणि त्याला मधली रिकामी जागा सहन होत नाही. तुम्हाला गाणं पाठ होतं, गळा पाठ होता, आणि मध्ये इंजिनचा एवढा गोंगाट. मेंदूने धरून चाललं की गोंगाटाच्या मागे गाणं चालूच असणार. मग त्याने ते तुम्हाला ऐकवलंही. कुंपणाच्या काठ्यांमागे गाय उभी असली, की आपल्याला तुकडे दिसतात. तरी आपण अख्खी गाय बघतो ना? तसंच."

नरसव्वाने विचार केला.

"पर गाय गेली व्हती की, बाई," ती म्हणाली.

 इरण्णाच्या नाकातली नळी नीट करून डॉक्टरीणबाई पुढच्या खाटेकडे गेल्या.

*

पुढच्या वैशाखात ती तिघं दुसऱ्या माळावर होती. दुसरा माळ, दुसरी विहीर, तीच हळद. रीत बदलली होती. आता खालचा माणूस गायचा ते आपल्या करमणुकीसाठी. त्याच्या मनगटाला एक बारीक दोरी असायची, आणि दोरीचं दुसरं टोक नरसव्वाच्या मनगटाला. ती हिसका द्यायची, खालून हिसका यायचा. दिवसातून शंभरदा, दोनशेदा. इरण्णा कुरकुरायचा, की पहारीपेक्षा बायकोनेच मनगट मोडलं. नरसव्वा त्याचं ऐकून घ्यायची आणि हिसका द्यायची. आणि टप्प्यावरचं इंजिन चालू असताना विहिरीत कुणी उतरायचं नाही, असा तिचा हुकूम होता. तो गुलाबभाईच्याही अंगवळणी पडला होता.

त्या दिवशी इंजिन पाणी उपसत होतं. धड धड धड धड. विहीर रिकामी होती. इरण्णा वर होता. बाभळीच्या विरळ सावलीत, नरसव्वाच्या अगदी शेजारी, मांडीवर भाकरी घेऊन बसला होता. ठेचा झणझणीत होता, त्याचं नाक वाहत होतं. तो खात होता, तोंड भरलेलं होतं. बोलत नव्हता, गात नव्हता.

आणि विहिरीतून ओवी आली.

वर बसली नरसू

नरसव्वाच्या हातातला घास हातातच राहिला. तिने शेजारी बघितलं. इरण्णा भाकरीचा तुकडा मोडत होता. तिने विहिरीकडे बघितलं. निळसर वेणी उठत होती, आणि वेणीला धरून, दोन ठोक्यांच्या मधून, खोल दगडातून, इरण्णा गात होता.

तिच्या कानात मी जितो

ती नीट ऐकत होती. डॉक्टरीणबाईंचं सगळं तिला आठवत होतं, गाय आठवत होती, कुंपण आठवत होतं. सगळं ठाऊक असूनही ओवी थांबत नव्हती. शेजारचा माणूस खरा, विहिरीतला आवाजही खरा वाटतो. मग त्या दिवसापासून तिने जे जे ऐकलं होतं, त्यातलं किती कुणी बोललं होतं?  ती आवाज न करता रडू लागली.

"काय झालं?" इरण्णाने विचारलं.

तिने त्याच्या ओठांकडे बघितलं. ओठ हलले होते. म्हणजे हे तरी त्यानेच विचारलं.

"काय न्हाई. जेवा तुमी."

तो जेवू लागला. तिने त्याचा डावा हात ओढून आपल्या मांडीवर घेतला आणि मनगटावर, दोरीच्या काळ्या वणाच्या जरा खाली, अंगठा ठेवला. तिथे काहीतरी उडत होतं. बारीक, उबदार, एकसारखं. उडत होतं, थांबत होतं, पुन्हा उडत होतं. विहीर गात राहिली. माळावर हळद सांडत राहिली. आणि नरसव्वा डोळे मिटून, कानांना त्यांचं त्यांचं गाऊ देऊन, अंगठ्याने ऐकत राहिली.